वर्ष ९ वे, अंक ३१ वा : आजोबांच्या साप्ताहिकाचा इतिहास कुठून वाचायला घ्यायचा?

तुमचा प्रश्न थोडक्यात पुन्हा मांडतो, म्हणजे माझं उत्तर नेमकं कशाला आहे ते कळेल. तुमचे आजोबा सोलापुरात नगरपालिकेच्या शाळेत मास्तर होते आणि शुक्रवार पेठेतल्या घराच्या पुढच्या खोलीत त्यांचं एक साप्ताहिक निघायचं. आता घर पाडताना माळ्यावर दोन पोती अंक सापडले. काका म्हणतात पत्र १९५८ साली सुरू झालं, आत्या म्हणते १९६४. घरात असंही सांगतात की १९३० साली, मार्शल लॉच्या (इंग्रजांच्या लष्करी अंमलाच्या) आधी, आजोबा पोरवयात सोलापूरच्या ‘कर्मयोगी’ पत्राच्या छापखान्यात होते. तुम्हाला या पत्राचा इतिहास लिहायचाय. तर सुरुवात कुठून करू, अग्रलेख आधी टाइप करून घेऊ का आणि अंक लॅमिनेट करू का, असं विचारलंय. सोबत ३ ऑगस्ट १९७२ च्या अंकाच्या पहिल्या आणि चौथ्या पानाचे फोटो पाठवलेत.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी, कारण ते घाईचं आहे. लॅमिनेट करू नका. वृत्तपत्राच्या कागदात आम्ल असतं, तो आतून करपत जातो. प्लास्टिकमध्ये कोंडला तरी करपतो, आणि मग तो बाहेरही काढता येत नाही. सेलोटेपही नको. पस्तीस वर्षांपूर्वी मी स्वतः एका दैनिकाची जुनी फाइल सेलोटेप लावून ‘दुरुस्त’ केली होती. आज त्या प्रत्येक पट्टीच्या जागी तपकिरी डाग आहे आणि त्याखालची अक्षरं गेलीत. पोती सावलीत रिकामी करा. अंक उलगडून आडवे ठेवा, उभे नकोत. सोलापूरच्या मे महिन्यातल्या उन्हाने वाळलेला कागद घडीवरच तुटतो, म्हणून घडी एकदा उघडलीत की परत घालू नका. खिडकीच्या उजेडात, ऊन अंगावर न घेता, मोबाईलने सरळ वरून फोटो काढलेत तरी पहिल्या फेरीला पुरे. फाइलचं नाव मात्र साल-महिना-तारीख-पान असंच द्या. नुसते ‘अंक १, अंक २’ करून ठेवलेत तर दोन महिन्यांनी डोक्याला हात लावाल.

आता मूळ गोष्ट. तुम्ही सुरुवात अग्रलेखांपासून करायची म्हणताय. नका करू. आजोबांचे विचार अग्रलेखात सापडतील, पण पत्राचा इतिहास तिथे नसतो. पत्र कोणी काढलं, कशावर काढलं, कोणासाठी काढलं, हे शेवटच्या पानावर असतं. मी कुठलीही जुनी फाइल हातात आली की आधी उलटी करतो.

तरी सालाचा वाद पहिल्या पानावरूनच मिटवून बघू. नावाखाली बारीक अक्षरात ‘वर्ष ९ वे, अंक ३१ वा’ असं आहे. साप्ताहिक आहे आणि ३ ऑगस्ट १९७२ ला गुरुवार होता. एकतिसावा अंक म्हणजे पहिला त्याच्या तीस आठवडे आधी. २१० दिवस मागे गेलं की ६ जानेवारी १९७२ येतो. त्या दिवशी नववं वर्ष लागलं असेल तर पहिलं वर्ष लागलं जानेवारी १९६४ मध्ये. आत्या जिंकली, असं म्हणायला हरकत नाही. त्यातही ६ जानेवारी ही तारीख सहज आलेली नसावी. १८३२ साली त्याच दिवशी बाळशास्त्री जांभेकरांचं ‘दर्पण’ निघालं, म्हणून मराठी पत्रकार आपला दिवस तेव्हाच साजरा करतात. मास्तर माणसाने मुहूर्त म्हणून तोच धरला असेल. ६ जानेवारी १९६४ ला सोमवार होता, तेव्हा प्रकाशन समारंभ सोमवारी आणि पुढचे अंक दर गुरुवारी, असं झालं असू शकतं.

पण या हिशेबाला तीन ठिकाणी भोकं पडतात. एक, दिवाळीत किंवा गड्ड्याच्या जत्रेत काढलेला जोडअंक दोन आकडे खातो. दोन, मध्ये पत्र बंद पडून पुन्हा निघालं तर कोणी वर्ष पुढे चालू ठेवतो, कोणी एकपासून मोजतो. तिसरं भोक जरा नाजूक आहे. वर्षात एकही आठवडा चुकला नाही असं कागदावर दिसतंय. घरच्या ट्रेडलवर, म्हणजे पायाने चालवायच्या छपाईयंत्रावर, साप्ताहिक काढणाऱ्याचं असं सहसा होत नाही. टपालाची सवलत आणि सरकारी जाहिरात दोन्ही नियमितपणावर अवलंबून, म्हणून आमच्याकडे ‘फाइल कॉपी’ नावाचा प्रकार होता. गावात अंक वाटलाच जायचा नाही, पाच-पंचवीस प्रती काढून कचेऱ्यांत पोचत्या करायच्या आणि एक फायलीला लावायची. तुमच्या पोत्यात लागोपाठचे अंक असतील तर आतला मजकूर ताडून बघा. एका अंकाचं आतलं पान गेल्या आठवड्याचंच, फक्त तारीख बदललेली, असं दिसलं तर ती फाइल कॉपी समजा. आजोबांना कमीपणा यावा असं त्यात काही नाही. अनेक साप्ताहिकं अशीच जगली.

मग काकांचं १९५८ कुठून आलं? बहुतेक तेही खरं असेल, फक्त ते छापखान्याचं साल असेल. गावातल्या साप्ताहिकाबद्दल बाहेरच्यांचा एक गैरसमज असतो, की माणसाला काही सांगायचं होतं म्हणून त्याने पत्र काढलं आणि पत्रासाठी छापखाना घातला. मी पाहिलेल्या घरांपैकी बहुतेकांत क्रम उलटा होता. आधी ट्रेडल यायचा. त्यावर लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, विडीच्या बंडलांची लेबलं, शाळांच्या प्रश्नपत्रिका, निवडणुकीची हँडबिलं छापायची. लग्नसराई संपली की यंत्र आणि खिळे (छपाईची सुटी अक्षरं) जुळवणारा जुळारी दोन्ही रिकामे, पगार मात्र चालू. अशा रिकाम्या दिवसांत खिळे जुळत राहावेत म्हणून साप्ताहिक. एकदा साप्ताहिक निघालं की वकिलांच्या जाहीर नोटिसा येतात, सोसायट्यांच्या वार्षिक सभांची सूचना येते, आणि मुख्य म्हणजे बिल थकवलेल्या गिऱ्हाइकाला जरा धाक बसतो. हे शेवटचं कोणी लिहून ठेवत नाही, पण छापखान्यात बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे.

चौथ्या पानाच्या फोटोतही हेच दिसतं. चाटी गल्लीतल्या कापड दुकानाची जाहिरात, एका टॉकीजची, गृहनिर्माण सोसायटीच्या सभेची नोटीस, वकिलामार्फत दिलेली वाटणीच्या दाव्याची जाहीर नोटीस, एका नगरसेवकाला वाढदिवसाच्या शुभेच्छा. खालच्या निम्म्या कॉलमात टाइप एकदम मोठा झालाय, बघितलंत? तो सजावटीसाठी नाही. हाताने जुळवताना बारीक टाइपमधले काने आणि वेलांट्या संपल्या की उरलेला मजकूर मोठ्या टाइपमध्ये घ्यायचा, दुसरा इलाज नसायचा. म्हणजे यांच्याकडे बारीक टाइप चार पानं पुरेल एवढा नव्हता. भांडवल किती होतं ते यावरून कळतं. पुढे कुठल्या वर्षी हा प्रकार थांबतो ते शोधा. त्या सुमारास नवा टाइप आला असेल, आणि त्याचे पैसे कुठून आले हा तुमच्या इतिहासातला एक चांगला प्रश्न आहे.

आता त्याच पानावरची सगळ्यात खालची ओळ. तुम्ही फोटो काढताना तिच्यावर अंगठा आलाय, तरी पुरेशी वाचता येते. ‘हे साप्ताहिक मालक, मुद्रक व प्रकाशक’ आणि पुढे ‘सौ.’ आहे. सौ.! आडनाव तुमचंच आहे. म्हणजे कागदोपत्री हे पत्र तुमच्या आजीचं होतं. तुमच्या प्रश्नात आजी एकदाही आलेली नाही.

ही ओळ कोणी हौसेने छापत नसे. १८६७ च्या कायद्याने प्रत्येक छापील कागदावर मुद्रकाचं नाव आणि छपाईचं ठिकाण असणं बंधनकारक केलं, आणि पत्र काढायचं तर मॅजिस्ट्रेटपुढे डिक्लेरेशन, म्हणजे लेखी निवेदन, करावं लागे. तो कायदा अगदी परवापर्यंत चालू होता, त्याच्या जागी आलेला नवा कायदा मार्च २०२४ पासून लागू झाला. अब्रुनुकसानीचा खटला झाला की कोर्ट पहिल्यांदा ही ओळ बघतं. म्हणजे आजोबांनी काहीही लिहिलं तरी समन्स आजींच्या नावाने येणार.

असं का केलं असेल याचा माझा अंदाज सांगतो. आजोबा नगरपालिकेचे नोकर. पालिकेचा नोकर पालिकेवर टीका करणारं पत्र स्वतःच्या नावाने काढू शकत नव्हता, धंदाही करू शकत नव्हता. मास्तर, कारकून, तलाठी यांची पत्रं पत्नीच्या किंवा भावाच्या नावावर असणं अजिबात दुर्मीळ नव्हतं. आणि साल बघा. सोलापूर नगरपालिकेची महानगरपालिका झाली १ मे १९६४ ला. पत्र निघालं त्याच वर्षी जानेवारीत. पालिका जाणार, महापालिका येणार, नवे वॉर्ड, नवे उमेदवार, हँडबिलांचा पाऊस! त्या वेळी हातात छापखाना असणाऱ्याला पत्र काढायची बुद्धी व्हावी यात नवल नाही. मात्र हा संबंध मी तारखांवरून जोडतोय. पहिल्या सहा महिन्यांचे अंक पोत्यात असतील तर ते मला खोटं पाडू शकतील.

आजी नावापुरत्या होत्या की खरंच बघायच्या, हे परिस्थितीवर आहे. मी दोन्ही प्रकार पाहिलेत. एका घरी बाईंनी आयुष्यभर सही केली आणि अंक कधी उघडून पाहिला नाही. दुसऱ्या घरी नवरा दिवसभर कचेरीत, तेव्हा मजकूर घेणं, प्रूफं तपासणं, जाहिरातीचे पैसे वसूल करणं सगळं त्या बाईच करत, आणि संध्याकाळी येऊन नवरा अग्रलेख लिही. गावाने संपादक म्हणून ओळखलं नवऱ्याला.

हे ताडायला एक हुकमी साधन आहे आणि ते तुमच्या पोत्यातच आहे. वृत्तपत्र नोंदणीचे नियम १९५६ साली आले, तेव्हापासून प्रत्येक पत्राला दरवर्षी फेब्रुवारी संपल्यावरच्या पहिल्या अंकात एक निवेदन छापावं लागे. आम्ही त्याला ‘फॉर्म ४’ म्हणतो. प्रकाशन स्थळ, कालावधी, मुद्रक, प्रकाशक, संपादक, मालक आणि भागीदार, सगळी नावं आणि पत्ते त्यात असतात. सगळे मार्चचे पहिले अंक वेगळे काढा आणि एका कागदावर नावं उतरवा. तासाभरात पत्राच्या मालकीचा सांगाडा हातात येईल. मालक तोच राहून मुद्रक बदलला असेल तर त्या वर्षी छपाई दुसरीकडे गेली, म्हणजे यंत्र विकलं, मोडलं किंवा गहाण पडलं.

नावापाशी छापलेला रजिस्टर नंबरही टिपून घ्या. जुन्या नंबरांत तिरक्या रेघेनंतरचे दोन आकडे नोंदणीचं साल सांगतात. पण नोंदणीचं साल आणि सुरू झाल्याचं साल एकच असेल असं धरू नका. नोंदणीची पद्धतच १९५६ नंतरची, म्हणून कित्येक जुन्या पत्रांच्या नंबरापुढेही ‘५७’ लागलंय.

सालाच्या बाबतीत मी एवढा किरकिर का करतो, तर एकदा चांगलाच तोंडावर पडलोय. एका साप्ताहिकाच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेत मी ‘पंचवीस वर्षांची वाटचाल’ लिहिली, मालकांनी सांगितलेलं साल धरून. समारंभ झोकात झाला. आठवड्याने एक म्हातारे जुळारी पिशवीत पहिला अंक घेऊन आले. पत्राला तेवीसच वर्षं झाली होती! त्या वर्षी निवडणूक होती आणि जाहिराती भरपूर मिळणार होत्या, म्हणून मालकांनी महोत्सव दोन वर्षं अलीकडे ओढला होता. माझ्या नावावर ते चुकीचं साल आजही छापलेलं आहे.

मार्शल लॉच्या गोष्टीकडे याच नजरेने बघा. सोलापुरात मे-जून १९३० मध्ये मार्शल लॉ होता, त्यात वृत्तपत्रंही भरडली गेली हे पक्कं आहे. ‘कर्मयोगी’चे संपादक रामभाऊ राजवाडे यांना तुरुंगवास झाला. ज्या चौघांना १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी दिलं, मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन, त्यांपैकी कुर्बान हुसेन हे ‘गझनफर’ नावाचं पत्र चालवत. सोलापुरातल्या त्यांच्या चार पुतळ्यांपाशी हार घालणाऱ्या किती जणांना माहीत असतं, की त्या चौघांत एक संपादक आहे? तुमच्या आजोबांचा जन्म १९१६ चा म्हणताय, म्हणजे तेव्हा ते चौदा वर्षांचे. त्या वयाची पोरं छापखान्यात शाई फासायला आणि कागद द्यायला सर्रास असायची. तेव्हा अशक्य काही नाही. पण कागद सापडेपर्यंत ‘आमच्या घरात असं सांगतात’ एवढंच लिहा. सोलापुरातल्या निम्म्या जुन्या घरांत मार्शल लॉची एक गोष्ट असते, आणि ती दर पिढीला थोडी मोठी होते.

बातम्यांबद्दल फार सांगत नाही, ते तुम्ही वाचालच. एवढंच, की १९७२ म्हणजे दुष्काळाचं साल. तुमच्या अंकात पहिल्या पानावर पाऊस लांबल्याची बातमी दोन कॉलम आहे आणि त्या बातमीच्या मजकुरात पाण्याच्या टँकरवरून भांडण. मोठ्या दैनिकांत दुष्काळाचे आकडे आणि मंत्र्यांचे दौरे मिळतील. कुठल्या बोळात नळ किती वाजता येत होता, हे मिळेल फक्त अशा चार पानी पत्रात. पुढचे आठ-दहा महिने जाहिराती मोजा. दुकानदारांच्या घटल्या आणि जाहीर नोटिसा वाढल्या असतील, तर लोक काय विकत होते ते त्या नोटिसांतच दिसेल. खपाचा आकडा कुठे छापलेला दिसला तर मात्र त्यावर भिस्त ठेवू नका. तेव्हा वृत्तपत्राचा कागद कोट्याने मिळे आणि कोटा खपावर, त्यामुळे खप कागदावर वाढत असे. आणि जून १९७५ नंतरचे अंक स्वतंत्र ठेवा. आणीबाणीत सेन्सॉरची कात्री होती. त्या काळात पत्र एकदम पाककृती आणि सुविचार छापायला लागलं असेल, तर तीही एक बातमीच.

बाहेर कुठे शोधायचं? हिराचंद नेमचंद वाचनालयात जुन्या फायलींची चौकशी करा. जानेवारी १९६४ च्या दुसऱ्या आठवड्यातलं स्थानिक दैनिक मिळालं तर आधी ते बघा. रंगाअण्णा वैद्यांचा ‘संचार’ १९६१ पासून निघत होता, ‘सोलापूर समाचार’ त्याहून कितीतरी जुना. नव्या साप्ताहिकाच्या प्रकाशनाची चार ओळींची बातमी आणि व्यासपीठावर कोण बसलं होतं त्यांची नावं अशा दैनिकांत येत. ती नावं म्हणजे पत्राचे पहिले पाठीराखे. कायद्याने प्रत्येक पत्राची एक प्रत मुंबईच्या सेंट्रल लायब्ररीत जायला हवी होती. छोटी पत्रं ती पाठवायला टाळाटाळ करत, तरी विचारून बघायला पैसे पडत नाहीत. डिक्लेरेशनचे कागद जिल्हादंडाधिकारी कार्यालयात. तिथे अर्ज करताना पत्राचं नाव, साल आणि प्रकाशकाचं नाव द्या. प्रकाशकाचं, म्हणजे आजींचं. आजोबांच्या नावाने शोधाल तर ‘नोंद आढळत नाही’ असं उत्तर येईल आणि तुम्ही तिथेच थांबाल.

माणसं मात्र कागदाच्या आधी गाठा, कागद थांबेल. त्या खोलीत काम केलेला एखादा जुळारी शहराच्या पूर्व भागात कुठेतरी असेल, आता ऐंशीच्या घरातला. त्याला ‘आजोबांबद्दल सांगा’ असं विचारू नका, तो ‘देवमाणूस होते’ म्हणेल आणि गप्प बसेल. अंक समोर ठेवा आणि विचारा, हा कॉलम मोठ्या टाइपात का घेतला ओ? मग बघा कसा बोलतो.

आता या रविवारी काय कराल, तर मार्च १९७४, ७५ आणि ७६ चे पहिले अंक काढा. निवृत्तीचं वय अठ्ठावन्न धरलं तर आजोबा १९७४ मध्ये मोकळे झाले. त्यानंतरच्या फॉर्म ४ मध्ये संपादक म्हणून त्यांचं नाव आलं, तर नोकरीमुळे आजींचं नाव लावलं होतं हा माझा अंदाज बरोबर. नाव बदललंच नसेल, तर पोत्यांच्या तळाशी वर्गणीदारांची किंवा जाहिरातीच्या वसुलीची वही आहे का बघा. सापडली तर तिच्यातलं अक्षर आत्याला दाखवा. ते कोणाचं आहे हे तीच सांगू शकेल.